काल्पनिक शास्त्र: ‘जाणीव म्हणजे वास्तवाशी अनुनाद’. भौतिकशास्त्र कुठे अडवेल?

कोरापान

एका विज्ञान-दीर्घकथेसाठी प्रश्न आहे. कथेतल्या जगात ‘अनुनादविद्या’ नावाची विद्याशाखा आहे. तिचं मूळ गृहीतक असं: मेंदू जाणीव निर्माण करत नाही, तो वास्तवाशी अनुनाद साधतो, आणि तो अनुनाद म्हणजेच जाणीव. आतापर्यंत ठरवलेले नियम:

१. प्रत्येक मेंदूची एक नैसर्गिक वारंवारता असते. पृथ्वीची ७.८३ हर्ट्झ आहे, मेंदूची तिच्याशी जुळली की जाणीव लख्ख होते.
२. साधनेने वारंवारता वाढते. वारंवारता जितकी जास्त तितकी जाणीव वरच्या पायरीची.
३. झोप म्हणजे अनुनाद सुटणे, स्वप्न म्हणजे अर्धवट जुळणे.
४. ‘अनुनादमापी’ नावाचं यंत्र हे सगळं मोजतं.

शास्त्र काल्पनिक असलं तरी जाणकार वाचकाने दुसऱ्या पानावर पुस्तक मिटू नये. कोणते नियम टिकतील, कोणते बदलावेत, आणि प्रयोगशाळेतला प्रसंग खरा वाटण्यासाठी त्यात काय काय असावं?

---

मंददोलन

नियम १ आणि २ दोन्ही काढा. कारणं सांगतो.

७.८३ हर्ट्झ हा शुमान अनुनाद. जमीन आणि आयनांबर (वातावरणाचा वरचा विद्युतभारित थर) यांच्यामधल्या पोकळीत विजांमुळे विद्युतचुंबकीय लहरी घुमतात, त्यांचा हा पहिला सूर, पुढचे १४.३ आणि २०.८. शुमान यांनी तो १९५२ मध्ये गणिताने मांडला. प्रकाशाचा वेग भागिले पृथ्वीचा ४०,००० किमी परीघ केलं की ७.५ येतं, त्याला २ च्या वर्गमुळाने गुणलं की १०.६ हर्ट्झ. प्रत्यक्षात ७.८३ मिळतं, कारण आयनांबर ही परिपूर्ण भिंत नाही, ती ऊर्जा खाते. या लहरीचं चुंबकीय क्षेत्र १ पिकोटेस्लाच्या आसपास असतं. घरातल्या ५० हर्ट्झच्या वायरिंगचं क्षेत्र सहज ०.१ मायक्रोटेस्ला भरतं, म्हणजे एक लाख पट. मेंदू शुमानशी जुळू शकत असता तर फ्रिजशेजारी उभं राहिल्यावर काय झालं असतं, हा प्रश्न वाचक विचारणारच. आकडा शेजारी आला म्हणून नातं जुळत नाही.

नियम २ मधली चूक अधिक खोल आहे. अनुनादात ‘जास्त वारंवारता’ हा गुण नाही. अनुनादाला तीन गोष्टी लागतात: स्वतःची वारंवारता, बाहेरच्याशी जोड, आणि अवमंदन, म्हणजे ऊर्जा किती वेगाने गळते ते. खरी गंमत तिसरीत आहे. तिचं माप म्हणजे क्यू-गुणक. वारंवारता भागिले क्यू केलं की पट्ट्याची रुंदी मिळते, म्हणजे दोलक किती अचूक निवड करतो ते कळतं. क्यू भागिले (पाय गुणिले वारंवारता) केलं की दोलन किती सेकंदांत ३७ टक्क्यांवर उतरतं ते कळतं. १० हर्ट्झचा दोलक धरून हिशेब:

क्यू ५: रुंदी २ हर्ट्झ, उतरण्याचा काळ ०.१६ सेकंद
क्यू १००: रुंदी ०.१ हर्ट्झ, काळ ३.२ सेकंद
क्यू १०००: रुंदी ०.०१ हर्ट्झ, काळ ३२ सेकंद

जो दोलक बारकाईने निवडतो तो बदलाला तितकाच उशिरा प्रतिसाद देतो. त्याला उठायलाही ३२ सेकंद आणि थांबायलाही ३२ सेकंद. यातून पळवाट नाही. हा तुमच्या शास्त्राचा पहिला नियम करा: तीक्ष्ण जाणीव मंद असते, चपळ जाणीव धूसर असते. तुमचा ‘सिद्ध’ साधक एकच गोष्ट अत्यंत स्पष्ट जाणेल, पण खोलीत कुणी आलं-गेलं तर त्याला अर्ध्या मिनिटाने कळेल. त्याच्यासाठी काय हरवलं आणि काय मिळालं, यावर अख्खं प्रकरण उभं राहतं.

वर्गात दाखवायचा प्रयोग: ४४० हर्ट्झचे दोन नादकाटे (ट्यूनिंग फोर्क), दोन्ही एका बाजूने उघड्या लाकडी पेट्यांवर, तोंडं समोरासमोर. पेटीची लांबी तरंगलांबीच्या चतुर्थांशाहून जरा कमी, म्हणजे सुमारे १८ सेंमी. एक वाजवून हाताने थांबवा, दुसरा गात राहतो. मग दुसऱ्याच्या एका बाहूवर मेणाचा छोटा गोळा चिकटवा, अनुनाद नाहीसा होतो. नादकाट्याचा क्यू १००० धरला तर पट्टा जेमतेम ०.४४ हर्ट्झ, त्यामुळे इतकंसं मेण पुरतं. प्रयोग फसतो तो बहुतेक वेळा पेटीमुळे: ती नरम गादीवर ठेवली किंवा काटा पेटीत सैल बसला तर ऊर्जा तिथेच मुरते.

---

कलाबंध

वरचा हिशेब बरोबर आहे, पण ‘अनुनाद’ हा शब्द मूळ गृहीतकात ठेवावा का, याबद्दल माझं मत वेगळं आहे. अनुनादात दोलकाकडे स्वतःचं काही नसतं. बाहेरचा धक्का थांबला की तो विझतो. मेंदू अंधाऱ्या, शांत खोलीतही चालूच असतो. स्वतःच्या ऊर्जेवर चालणारे दोलक एकमेकांशी जुळतात तेव्हा त्याला समकालन म्हणतात, आणि त्याचे नियम वेगळे आहेत. १६६५ मध्ये हायगेन्स यांना एकाच आधारावर टांगलेली दोन लंबकाची घड्याळं आपोआप उलट-सुलट लयीत येताना दिसली, तेव्हापासूनचा हा विषय. दोन्ही घड्याळांना स्वतःची चावी होती, हे महत्त्वाचं.

तुमचा नियम ३ यातून फार सुंदर निघतो. दोन आकडे घ्या: मेंदू आणि वास्तव यांच्या वारंवारतांतला फरक, आणि जोडीचं बळ. फरक बळापेक्षा कमी असेल तर कुलूप लागतं, म्हणजे दोघं एकाच लयीत अडकतात. जास्त असेल तर कला, म्हणजे दोलनाच्या फेरीतली जागा, घसरत राहते. बळ ०.५ हर्ट्झ धरू.

फरक ०.३: कुलूप पक्कं, पण मेंदू ३७ अंशांनी मागे. १० हर्ट्झला हा उशीर सुमारे १० मिलिसेकंद. म्हणजे पूर्ण जुळलेली जाणीवसुद्धा ‘आत्ता’पेक्षा जराशी मागे असते, आणि किती मागे हे फरकावर ठरतं.
फरक ०.६: घसरणीची वारंवारता म्हणजे ०.३६ वजा ०.२५ चं वर्गमूळ, ०.३३ हर्ट्झ. दर ३ सेकंदांनी एक घसरण.
फरक ०.५१: दर १० सेकंदांनी एक.

शेवटचा आकडा कथेचं सोनं आहे. उंबरठ्याच्या अगदी बाहेर असलेला दोलक बहुतेक वेळ जुळल्यासारखाच दिसतो, मग झरकन एक पूर्ण फेरी घसरतो आणि पुन्हा जुळल्यासारखा राहतो. वास्तव दहा सेकंद घट्ट हातात, मग क्षणभर निसटलं, मग परत घट्ट. ‘अर्धवट जुळणं’ म्हणजे सतत धूसर असणं नव्हे. तुमच्या पात्रांना स्वप्न नेमकं असं फुटतुटीत दिसू द्या.

एकच मेंदू एकच दोलक नसतो, म्हणून पुढची पायरी कुरामोतोंचं १९७५ चं प्रारूप: अनेक दोलक, प्रत्येकाची वारंवारता थोडी वेगळी, सगळ्यांची सगळ्यांशी जोड. बळ एका ठरावीक मर्यादेखाली असेल तोवर गोंगाट. मर्यादा ओलांडली की एक गट एकदम एका लयीत येतो. भूल देताना किंवा जागं होताना जाणीव हळूहळू न जाता पायरीने का जाते, याचं तुमच्या विद्येतलं उत्तर इथे सापडेल. कथेतल्या संगणकाच्या पडद्यावर हे दाखवणार असाल तर एक चूक टाळा: १०० दोलक घेतले तर काहीही जुळलेलं नसतानाही सुसंगतीचा आकडा (सगळे किती एका लयीत आहेत ते, ० ते १ मध्ये) शून्य येत नाही, ०.१ च्या आसपास डोलत राहतो (१०० च्या वर्गमुळाचा व्यस्त). नवखा संशोधक त्यालाच ‘मंद जाणीव’ समजेल. १०,००० दोलक घेतले की तो ०.०१ वर उतरतो आणि भ्रम मिटतो.

---

ओझेड

अनुनादमापीबद्दल. वेगळं यंत्र शोधायची गरज नाही, मेंदूलेख म्हणजे ईईजी घ्या आणि प्रसंग त्यावर रचा. बारकावे खरे ठेवले की काल्पनिक भाग आपोआप पचतो.

मांडणी: डोक्याच्या मागच्या बाजूला तीन इलेक्ट्रोड (ओ१, ओझेड, ओ२), एक संदर्भ कानामागच्या हाडावर, एक ग्राउंड कपाळावर. त्वचा खरवडणाऱ्या जेलने पुसून रोध ५ किलोओहमच्या खाली आणायचा. नमुने सेकंदाला ५००. आधी दोन मिनिटं डोळे मिटून नोंद: १० हर्ट्झच्या आसपास अल्फा लहरींचा उंचवटा दिसेल, तो त्या माणसाचा स्वतःचा सूर. समजा ९.८ आला. मग एलईडीच्या लुकलुकीने ८ ते १२ हर्ट्झ, ०.२ च्या पायऱ्यांनी, आणि प्रत्येक पायरी मंद, मध्यम, तेज अशा तीन प्रकाशांत. प्रत्येक नोंद १० सेकंदांची, म्हणजे ०.१ हर्ट्झपर्यंत वेगळं काढता येतं. समकालन खरं असेल तर मंद प्रकाशात फक्त ९.८ च्या लगत कुलूप लागेल, तेज प्रकाशात दोन्ही बाजूंना पसरेल. आलेखावर जिभेसारखा आकार येतो. २००१ मध्ये १ ते १०० हर्ट्झपर्यंतच्या लुकलुकीवर झालेल्या अभ्यासात १०, २०, ४० आणि ८० हर्ट्झच्या आसपास प्रतिसाद अधिक ठळक आढळला. तरी हे खरं समकालन की प्रत्येक झबक्याला मिळालेल्या प्रतिसादांची नुसती रांग, हा वाद अजून चालू आहे, आणि तुमच्या पात्रांनीही तो घालावा.

बिघडतं कुठे:

एलईडीच्या वायरचा करंट थेट इलेक्ट्रोडच्या वायरमध्ये उतरतो. मग १० हर्ट्झला देखणा सुळका दिसतो आणि त्यात मेंदूचा काही संबंध नसतो. तपासणी सोपी: लुकलुक चालू ठेवून डोळ्यांवर जाड काळं कापड बांधा. सुळका टिकला तर तो वायरचा.

एलईडीऐवजी ६० हर्ट्झचा मॉनिटर वापरला तर हवी ती वारंवारता मिळत नाही. ६० ला पूर्ण आकड्याने भागून येतात तेवढ्याच: ३०, २०, १५, १२, १०, ८.५७, ७.५. ९.८ त्यात बसत नाही.

सगळ्यात महत्त्वाचं फिल्टरचं. १० हर्ट्झभोवती १ हर्ट्झ रुंदीचा फिल्टर लावला की तो फिल्टर स्वतःच सुमारे सेकंदभर घुमतो. मंददोलन यांनी सांगितलेला तोच नियम. लुकलुक थांबल्यावरही ‘अनुनाद टिकला’ असं दिसतं आणि तो टिकाव फिल्टरचा असतो. शिवाय कला सरकू नये म्हणून नोंद पुढून आणि मागून अशी दोनदा गाळतात, त्यामुळे ही घुमणी काळात दोन्हीकडे पसरते. उत्तेजन सुरू होण्याच्या *आधी* प्रतिसाद दिसू लागतो. तुमच्या कथेत कुणी ‘जाणीव वास्तवाच्या पुढे धावते’ असा शोध जाहीर करणार असेल, तर तो शोध कोसळण्याचं कारण हे द्या. खऱ्या प्रयोगशाळांतही हा सापळा प्रत्येक नव्या विद्यार्थ्याला समजावून सांगावा लागतो.

हे कुणी घरी करू नये. लुकलुक, विशेषतः १५ ते २५ हर्ट्झची, प्रकाशसंवेदी अपस्मार असलेल्यांना झटका आणू शकते. १९९७ मध्ये जपानमध्ये एका कार्टूनमधल्या सेकंदाला सुमारे १२ वेळा होणाऱ्या लाल-निळ्या लुकलुकीमुळे शेकडो मुलांना रुग्णालयात न्यावं लागलं. कथेतही चाचणीआधी हा प्रश्न विचारणारं पात्र असू द्या.

---

कोरापान

सगळ्यांचे मनापासून आभार. नियम १ आणि २ काढले. ‘तीक्ष्ण जाणीव मंद असते’ हा पहिला नियम झाला, स्वप्नाची घसरण घेतली.

आता एक अडचण उरते. वास्तव एका वारंवारतेचं नाही, सगळ्या वारंवारतांचा कल्लोळ आहे. मग मेंदू नेमका कशाशी जुळतो? आणि कथेची नायिका मिरजेच्या तंबोरा बनवणाऱ्या घरातली आहे. जवारीचा (तंबोऱ्याच्या घोडीवर तार अशी बसवणं की तिचा सूर झणझणीत उघडतो) धागा या शास्त्रात प्रामाणिकपणे गुंफता येईल का, की ती फक्त सजावट ठरेल?

---

कर्णशंख

पहिल्या प्रश्नाचं उत्तर तुमच्या कानात आहे, अगदी शब्दशः. कान म्हणजे वास्तवाच्या कल्लोळाशी अनुनाद साधणारं खरंखुरं इंद्रिय, आणि त्याचा इतिहास तुमच्या काल्पनिक विद्येला जसाच्या तसा वापरता येईल.

कर्णशंखातला (आतल्या कानातली शंखासारखी नळी) पडदा सुमारे ३५ मिमी लांब. बुडाशी अरुंद आणि ताठ, टोकाशी रुंद आणि सैल. २०,००० हर्ट्झ बुडाशी, २० हर्ट्झ टोकाशी. हेल्महोल्ट्झ यांनी १८६३ मध्ये मांडलं की ही तारांची रांग आहे आणि प्रत्येक तार आपापल्या सुराला अनुनाद देते. बेकेशी यांनी मृतांच्या कानांत पाहिलं तर तारा वेगवेगळ्या घुमत नव्हत्या, पडद्यावरून एक लाट सरकत होती आणि सुरानुसार वेगवेगळ्या जागी शिखर गाठत होती. त्यासाठी त्यांना १९६१ चं नोबेल मिळालं. पण त्यांचं शिखर फार पसरट होतं, आणि जिवंत माणूस त्याहून कितीतरी बारीक फरक ऐकतो. १९४८ मध्येच गोल्ड यांनी म्हटलं होतं की द्रवात बुडालेला अनुनादक इतका तीक्ष्ण राहूच शकत नाही, द्रव त्याची ऊर्जा पिऊन टाकेल. तेव्हा कान स्वतः ऊर्जा ओतत असला पाहिजे, आणि तसं असेल तर कधीतरी कानातून आवाज *बाहेर* यायला हवा. ३० वर्षं फारसं कुणी मनावर घेतलं नाही. १९७८ मध्ये केम्प यांना तो आवाज मिळाला. आज नवजात बाळांची श्रवणचाचणी अनेकदा यावर होते.

म्हणजे मंददोलन आणि कलाबंध दोघांच्याही म्हणण्याचा इथे मेळ बसतो. कान हा निष्क्रिय अनुनादक नाही आणि सतत वाजणारा दोलकही नाही. तो वाजण्याच्या काठावर स्वतःला तोलून धरतो. काठाच्या जरा अलीकडे राहिला तर बहिरेपणा, पलीकडे गेला तर आपणहून गुणगुणतो. तुमच्या मेंदूलाही असंच काठावर ठेवा. मग ‘कशाशी जुळतो’ याचं उत्तर: एकाशी नाही, हजारो शेजारी-शेजारी दोलक आपापल्या अरुंद पट्ट्याशी जुळतात, आणि प्रत्येक जुळणीला आतून ऊर्जा खर्च होते.

यंत्रासाठीही हीच चाचणी घ्या. कानात रबरी टोकाची छोटी सळई, तिच्यात दोन स्पीकर आणि एक मायक्रोफोन. दोन सूर सोडायचे, गुणोत्तर १.२२. समजा ३२७९ आणि ४००० हर्ट्झ, खालचा ६५ डेसिबल, वरचा ५५. निरोगी कानातून २५५८ हर्ट्झचा तिसरा, फार क्षीण सूर परत येतो: खालच्याची दुप्पट वजा वरचा. हा सूर कुणी पाठवलेलाच नसतो. नाही आला तर लगेच ‘कान मेला’ म्हणू नये. टोक घट्ट बसलं नसेल, नळीत मळ असेल, मधल्या कानात पाणी असेल, किंवा खोलीतला पंखा चालू असेल. बाळांमध्ये पहिल्या एक-दोन दिवसांत जन्मावेळचा चिकटा नळीत असल्यामुळे चाचणी अनेकदा फसते, म्हणून ती पुन्हा करतात.

तुमचा अनुनादमापी असा असेल तर? वास्तवातून दोन सूर मेंदूत सोडायचे आणि न पाठवलेला तिसरा परत येतो का ते पाहायचं. जिथे तिसरा येतो तिथे कुणीतरी जागं आहे.

---

खर्ज

जवारी सजावट ठरणार नाही. वरचा ‘न पाठवलेला सूर’ आणि जवारी यांचं मूळ एकच आहे: सरळ प्रमाणात न चालणारी जोड.

साध्या घोडीवर (तार जिच्यावर टेकते तो तुकडा) तार एका धारेवरून सुटते. गिटारची तार बरोबर मध्यावर छेडली तर दुसरा, चौथा, सहावा असे सम स्वरांश (मूळ सुराबरोबर वाजणारे वरचे सूर) जवळजवळ नाहीसे होतात, कारण तिथे त्यांचा पातबिंदू, म्हणजे न हलणारी जागा, असते. तंबोऱ्याची घोडी रुंद आणि किंचित बाकदार. तार सुटताना तिला चाटून जाते, प्रत्येक फेरीत तिची लांबी केसभर बदलते. सी. व्ही. रामन यांनी १९२१ मध्ये नेमकं हेच नोंदवलं: तंबोऱ्याची तार पातबिंदूवर छेडली तरी जो स्वरांश उमटू नये तो ठणठणीत ऐकू येतो. बोटाने जे दिलं नाही ते घोडी देते.

नायिकेच्या हाताला हे काम द्या: तार आधी सुरात. बाकीच्या तारा तळहाताने दाबून धरायच्या. तार आणि घोडी यांच्यामध्ये सुती दोरा घालून केसभर पुढे-मागे सरकवायचा. एका जागी आवाज बंद आणि लाकडी, पुढे गेलं की चरचर, मधे एक फार अरुंद जागा, तिथे तार उघडते आणि वरचे स्वरांश एकामागून एक खाली उतरताना कानाला स्पष्ट लागतात. चौथ्या, खर्जाच्या पितळी तारेला ही जागा वेगळी, कारण ती जाड आणि तिचा झोका मोठा. हवा दमट झाली, सूर अर्ध्या स्वराने बदलला किंवा तारेने घोडीवर खाच पाडली की जागा हलते. खाच खोल गेली की दोऱ्याने भागत नाही, घोडी कानसून, घासून पुन्हा जवारी काढावी लागते. जास्त कानसली तर घोडीच बदलावी लागते, म्हणून कारागीर दर दोन-चार हातांनंतर तार चढवून ऐकतो.

अवांतर: मिरजेच्या तंबोऱ्याला २०२४ मध्ये भौगोलिक मानांकन मिळालं आहे. कथेचा काळ त्यानंतरचा असेल तर दुकानाच्या वर्णनात ते यायला हवं.

कर्णशंख यांच्या यंत्रात ही नायिका एक गोष्ट सहज ओळखेल, जी प्रयोगशाळेतल्यांना सुचणार नाही. तिसरा सूर आला नाही तर ते आवाज वाढवतील. ती दोरा सरकवेल: दोन्ही सुरांची पातळी तशीच ठेवून त्यांचं गुणोत्तर १.२२ वरून १.१८ कडे, मग १.२६ कडे, अगदी थोडं थोडं हलवत उघडण्याची जागा शोधेल.

---

ओझेड

गुणोत्तर हलवण्याची कल्पना तांत्रिकदृष्ट्याही पक्की आहे, तिसरा सूर गुणोत्तरानुसार खरंच कमी-जास्त होतो. फक्त प्रत्येक पायरीला २५५८ हा आकडाही बदलेल, तो मायक्रोफोनच्या बाजूला पुन्हा काढावा लागेल. खालचा सूर ३२७९ च ठेवून गुणोत्तर १.१८ केलं तर वरचा ३८६९ आणि तिसरा २६८९. तुमच्या पात्राने जुन्याच जागी ऐकत राहून ‘इथे कुणी नाही’ असं लिहून ठेवलं, तर ती चूक अगदी खरी वाटेल.